आधी रिकामी फाईल

जनुकांचा अभ्यास करणारं नवं सॉफ्टवेअर तयार झालं, की ते पहिल्यांदा कुणी वापरायचं असा प्रश्न पडतो. लिहिणारा म्हणतो, माझ्याकडे चालतंय. त्याचा गाइड म्हणतो, हे गेल्या दिवाळीत चालायला हवं होतं. ज्यांच्यासाठी ते लिहिलेलं असतं ते संशोधक म्हणतात, छानच आहे, पण आधी दुसऱ्या कुणाला तरी वापरू द्या. हा ‘दुसरा कुणी तरी’ म्हणजे अण्णा.

पुण्यात जीवशास्त्राच्या प्रयोगशाळांना तोटा नाही, आणि प्रत्येकीत एकेक अण्णा असावेत असा माझा कयास आहे. नाव वेगळं असेल, कुठे अण्णांच्या जागी एखाद्या मॅडम असतील, पण वाण तोच. आवृत्ती ०.१ म्हटलं की यांचे डोळे लकाकतात आणि १.० म्हटलं की रस आटतो.

आमचे अण्णा पदानं तांत्रिक अधिकारी, शिक्षणानं वनस्पतिशास्त्राचे एम. एस्सी. डीएनएचा क्रम डोळ्यांनी वाचला जायचा त्या काळातले. एक्स-रे फिल्मवर काळ्या पट्ट्यांच्या चार रांगा उमटायच्या आणि त्या खालून वर वाचत जायच्या. एक जण मोठ्यानं ‘ए, सी, सी, जी’ म्हणायचा, दुसरा वहीत उतरवायचा आणि तिसरा त्या दोघांवर नजर ठेवायचा. अण्णा तिसरे. पुढे एका दमात अब्जावधी अक्षरं ओकणारी यंत्रं आली. वाचणारा गेला, लिहिणारा गेला, अण्णा मात्र खुर्चीवर तसेच राहिले. नजर ठेवायला कुणी तरी लागतंच, हे त्यांनी प्रशासनाला कधी आणि कसं पटवलं ते मला माहीत नाही.

दिसायला काही विशेष नाही. अर्ध्या बाह्यांचा शर्ट, खिशात दोन पेनं, एक निळं आणि एक लाल. निळं वापरताना मी त्यांना पाहिलेलं नाही. बोलणं हळू आणि ‘बाळा’, ‘राजा’ असं गोडीचं. एखादं टूल सपशेल आपटलं, स्क्रीनभर तांबडी अक्षरं धावू लागली, की अण्णा नाट्यगीत गुणगुणायला लागतात. बाणेरला बसून ही टूल्स लिहिणाऱ्या आणि ती इथे घेऊन येणाऱ्या मुलांना आधी वाटायचं, हे आपल्या फजितीवर गाताहेत. तसं नाही. अण्णांना तो खरोखरीचा आनंद असतो. टूल आपटलं याचा अर्थ ते बोललं. ओरडणाऱ्यावर त्यांचा विश्वास आहे. ते गप्प बसतात ते टूलनं हसतमुखानं चुकीचं उत्तर दिलं की. मग चष्मा काढून टेबलावर ठेवतात, आणि आजूबाजूचे लोक चहाला उठतात.

त्यांच्या संगणकावर एक फोल्डर आहे. त्याचं नाव ‘अण्णांचा छळ’. छळ कोण कुणाचा करतं हे मोघम ठेवलंय. नाव देवनागरीत आणि दोन शब्दांच्या मध्ये मोकळी जागा, दोन्ही मुद्दाम. कित्येक टूल्स फाईलचा पत्ता वाचता वाचता ‘अण्णांचा’ इथवर येऊन थांबतात आणि अशी फाईलच नाही म्हणून हात वर करतात. मुलं म्हणतात, “सर, फोल्डरला असं नाव कोण देतं?” अण्णा म्हणतात, “मी दिलंय की!”

नव्या माणसाचा पहिला दिवस ठरल्यासारखा जातो. मुलगा लॅपटॉप उघडतो. त्यानं उत्साहानं एका अख्ख्या मानवी जनुकसंचाचा डेटा आणलेला असतो. ३१० कोटी अक्षरं, प्रत्येक जागा सरासरी तीसदा वाचलेली.

“सर, हा चालवून दाखवू?”

“नको. आधी रिकामी फाईल दे.”

“रिकामी? पण रिकामी फाईल कोण देणार आहे याला?”

“तूच देणार आहेस, राजा. रात्री दोनला सर्व्हरची डिस्क भरेल, आधीची पायरी अर्ध्यावर मरेल, मागे नुसती नावाची फाईल राहील. सकाळी तुझी पाइपलाइन ती उचलेल आणि पुढे चालू लागेल. दे तर खरी.”

इथे तीन गोष्टी होऊ शकतात. टूल आपटतं, नाट्यगीत सुरू. टूल म्हणतं, ‘फाईल रिकामी आहे, पुढे जाता येत नाही’. अण्णा मुलाकडे आदरानं पाहतात आणि कुठल्या कॉलेजचा म्हणून विचारतात. आणि तिसरं म्हणजे टूल क्षणभर विचार करतं आणि हिरव्या अक्षरांत छापतं: ‘विश्लेषण यशस्वी. आढळलेले बदल: ०.’

चष्मा टेबलावर.

“बाळा, हे काय म्हणतंय?”

“काही सापडलं नाही म्हणतंय सर. बरोबरच आहे ना?”

“ते म्हणतंय, रुग्ण ठणठणीत आहे. इथे रुग्णच नाहीये!”

हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की त्यातल्या ‘रुग्णच’वरचा जोर मला पाठ आहे. तरी सांगतो, अण्णांचा सगळा स्वभाव या एका वाक्यात आहे. ‘सापडलं नाही’ आणि ‘पाहिलंच नाही’ यांच्यात जो फरक आहे, त्यावर त्यांनी नोकरीची उत्तरार्धातली वर्षं काढली.

रिकाम्या फाईलीनंतर छळाचा पुढचा अंक. फास्टक्यू नावाची फाईल असते, तिच्यात डीएनएचा प्रत्येक वाचलेला तुकडा चार ओळींत मांडतात. पहिल्या ओळीत ‘@’ हे चिन्ह आणि तुकड्याचं नाव, दुसरीत अक्षरं, तिसरीत अधिकाची खूण, चौथीत प्रत्येक अक्षराचा दर्जा. हा दर्जा आकड्यांत लिहिला तर जागा फार खातो, म्हणून त्याच्याऐवजी एकेक चिन्ह लिहितात. आता गंमत अशी की ‘@’ हेही त्यातलंच एक चिन्ह आहे. त्याची किंमत ३१, म्हणजे ते अक्षर चुकीचं असण्याची शक्यता हजारात एकाहूनही कमी. घाईत टूल लिहिणारा काय करतो, ‘@’नं सुरू होणाऱ्या ओळी मोजतो आणि तितके तुकडे म्हणून सांगतो. अण्णांनी एक फाईल हातानं रचून ठेवलीय, तिच्यात प्रत्येक तुकड्याची दर्जाची ओळ ‘@’नंच सुरू होते. तुकडे पंचवीस. टूल म्हणतं पन्नास.

“सर, ही फाईल तुम्ही बनवलेली आहे. खऱ्या डेटात असं होत नाही.”

“खऱ्या डेटातच होतं. वाईट वाचनात दर्जा खाली असतो, तिथे हे चिन्ह यायचं नाही. डेटा चांगला असेल तेव्हाच तुझं टूल चुकणार. हे तुला बरं वाटतं का, सांग.”

मुलाला बरं वाटत नाही. तो वहीत काहीतरी लिहितो. अण्णा तोवर पुढची फाईल काढतात. त्यात फाय-एक्स १७४ नावाचा विषाणू असतो. जिवाणूंवर जगणारा, एवढासा, फक्त ५,३८६ अक्षरांचा. १९७७ साली फ्रेडरिक सँगर आणि मंडळींनी त्याचा जवळजवळ अख्खा क्रम वाचला होता आणि आजही सिक्वेन्सिंगच्या यंत्रात तो तपासणीसाठी मिसळतात. अण्णांना तो आवडतो कारण त्याचा डीएनए गोल आहे. शेवटचं अक्षर पहिल्याला जोडलेलं. त्या सांध्यावरून जाणारा एक तुकडा अण्णांनी जपून ठेवलाय. फाईलीत मात्र क्रम सरळ ओळीत लिहिलेला असल्यामुळे टूलला वाटतं, इथे जग संपलं. त्या तुकड्याचा निम्मा भाग ते सुरुवातीला लावतं आणि उरलेला टाकून देतं, किंवा अख्खा तुकडाच परका म्हणून हाकलतं. अण्णांची गाण्याची पट्टी इथे वर जाते.

मग मोजणीचा वाद. या क्षेत्रात काही फाईली शून्यापासून मोजतात, काही एकपासून. बेड नावाची फाईल शून्यापासून, व्हीसीएफ एकपासून. आणि सॅम एकपासून मोजते, पण तीच आकुंचित करून बॅम केली की आतून शून्यापासून. इमारतीत तळमजल्याला पहिला म्हणणारे आणि शून्य म्हणणारे एकाच लिफ्टमध्ये चढावेत असा हा प्रकार आहे. प्रत्येक जण एकेका मजल्यानं चुकतो आणि प्रत्येकाचं म्हणणं आपल्यापुरतं बरोबर असतं. टूल लिहिणारी मुलं इथे हटकून एका अक्षरानं घसरतात. एका अक्षरानं काय होतं असं विचारलं, की अण्णा गंभीर होतात आणि सिकलसेलची फाईल उघडतात.

इथे मात्र अण्णांची थट्टा मला करवत नाही. अकराव्या गुणसूत्रावर हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीचं जनुक आहे. त्यात एका जागी ए-च्या ठिकाणी टी आला, की ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन बसतं. या अदलाबदलीचा उलगडा व्हर्नन इन्ग्रॅमनं १९५७ साली केला. आईवडील दोघांकडूनही हा बदल मिळाला की तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात. गडचिरोली, नंदुरबार भागात या आजाराची माणसं आहेत, त्यांचे नमुने तपासले जातात, लग्नं ठरवताना ते कागद पाहिले जातात. एका अक्षराचा प्रश्न आहे आणि नेमक्या त्याच अक्षराभोवती सॉफ्टवेअरला चकवणारे तीन सापळे आहेत.

पहिला सापळा, जागा. मानवी जनुकसंचाच्या २००९च्या संदर्भ आवृत्तीत हे अक्षर ५२,४८,२३२ व्या घरात बसतं, २०१३च्या आवृत्तीत ५२,२७,००२ व्या. अण्णांना दोन्ही आकडे पाठ आहेत. घरी वहिनींचा मोबाईल नंबर त्यांना फोनमध्ये बघावा लागतो. डेटा एका आवृत्तीचा आणि टूल दुसऱ्या आवृत्तीचं असलं, की टूल एकवीस हजार दोनशे तीस घरं सोडून भलत्याच दारात जातं आणि ‘बदल नाही’ असं कळवून परत येतं. दुसरा सापळा, हे जनुक उलट्या धाग्यावर लिहिलेलं आहे. पुस्तकातला ‘ए-चा टी’ फाईलीत ‘टी-चा ए’ दिसतो. तिसरा सापळा मला सगळ्यात आवडतो. पाठ्यपुस्तकं म्हणतात, सहावं अमिनो आम्ल बदललं. नावं देण्याचा आजचा आंतरराष्ट्रीय नियम म्हणतो, सातवं. कारण प्रथिन बनताना सुरुवातीला मेथिओनिन असतं, ते पुढे छाटलं जातं. जुने लोक ते मोजत नसत, नवा नियम मोजतो.

एकदा एक मुलगी फार तयारीनं आली होती. तिच्या टूलनं रिकामी फाईल ओळखली, ‘@’चा सापळा ओळखला. सिकलसेलच्या फाईलीवर उत्तर आलं, ‘सातव्या जागी बदल’.

“सहाव्या,” अण्णा म्हणाले.

“सर, सातव्या. नियमाप्रमाणे पहिलं मेथिओनिन धरायचं.”

“अगं, मी तुझ्या जन्माच्या आधीपासून सहावं म्हणतोय.”

“तेव्हाही मेथिओनिन होतंच की, सर.”

अण्णांनी चष्मा काढला. आम्ही चहाला उठायच्या तयारीत. मग ते म्हणाले, “डॉक्टर सहावं शोधेल आणि तुझा रिपोर्ट सातवं म्हणेल. त्याला वाटेल हा दुसराच काही बदल आहे. दोन्ही लिही. कंसात लिही, पण लिही.” ती हो म्हणाली. माझ्या आठवणीत अण्णांशी वाद घालून बरोबरीत सुटलेली ती एकटीच. तिला त्यांनी स्वतःच्या डब्यातली लसणाची चटणी दिली. तो मान फार थोड्यांना मिळतो.

या छळाला एक पाहुणीही हजर असते. अमेरिकेतल्या युटा राज्यातल्या एका स्त्रीच्या पेशींचा डीएनए जगभर मोजपट्टी म्हणून वापरतात. त्याचं सांकेतिक नाव एनए १२८७८. २०१५पासून तो तिथल्या राष्ट्रीय मानक संस्थेकडून प्रमाणित नमुना म्हणून कुपीत मिळतो. तिच्या डीएनएत कुठे काय आहे याची बरीच पक्की यादी तयार असल्यानं नव्या टूलचं उत्तर त्या यादीशी ताडून पाहता येतं. अण्णा तिला युटाच्या वहिनी म्हणतात. वहिनींचा डेटा दिला, की अण्णा सगळ्यात आधी एकच गोष्ट बघतात, वाय गुणसूत्रावर काही सापडलं का. एक्स आणि वाय या गुणसूत्रांचे काही भाग सारखे आहेत, त्यामुळे एक्सवरचे तुकडे चुकून वायवर चिकटतात आणि बेसावध टूल तिथेही बदल दाखवतं. अशा वेळी अण्णा जो अहवाल पाठवतात त्याचा विषय असतो, ‘आपल्या टूलने युटाच्या वहिनींस वाय गुणसूत्र बहाल केल्याबाबत.’

अण्णांचे अहवाल हा एक स्वतंत्र वाङ्मयप्रकार आहे. सोसायटीच्या चेअरमनला लिहावं तशी भाषा. ‘महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून कळविण्यात येते की’ इथून सुरुवात. पण पुढचा मजकूर असा चोख, की कुठल्याही मुलानं तो बाजूला ठेवू नये: टूलची आवृत्ती, यंत्राची मेमरी, टाइप केलेली आज्ञा जशीच्या तशी, अपेक्षित उत्तर, मिळालेलं उत्तर, आणि तोच प्रकार पुन्हा घडवून आणायची सगळ्यात लहान फाईल. ती लहान करण्यात त्यांची अर्धी दुपार जाते. दहा लाख तुकड्यांत दिसलेली चूक ते निम्मा निम्मा डेटा टाकून देत अखेर दोन तुकड्यांवर आणतात. “दहा लाखांत सगळ्यांनाच चूक दिसते,” ते म्हणतात, “दोनांत दिसली की पळायला जागा राहत नाही.”

छळात आणखी एक परीक्षा असते. एकच डेटा ते आधी एका थ्रेडवर, म्हणजे कामाच्या एकाच रांगेत, चालवतात, मग आठ थ्रेडवर. मग तुकड्यांचा क्रम पिसून पुन्हा. उत्तर तेच यायला हवं. नेहमी येतंच असं नाही, आणि यात नावाजलेली टूल्सही आहेत. तुकडे संदर्भ क्रमावर जुळवणारं बीडब्ल्यूए-मेम एका दमात किती अक्षरं हाताळणार हे ठरवून दिलं नाही, तर थ्रेड बदलले की त्याचं उत्तर किंचित हलतं. हे ऐकून एक मुलगा म्हणाला होता, “सर, किंचितच ना? आणि माझ्याकडे तर बरोबर येतंय.” अण्णा म्हणाले, “छान. मग रुग्ण तुझ्याकडेच पाठवत जाऊ.”

एक्सेलचं नाव काढलं, की अण्णांचा आवाज पहिल्यांदा चढतो. सेप्टिन कुळातल्या जनुकांना पूर्वी थोडक्यात सेप्ट-१, सेप्ट-२ म्हणत. एक्सेलमध्ये ‘सेप्ट-२’ टाकलं की त्याचं निमूटपणे २ सप्टेंबर व्हायचं. मार्च नावाची जनुकंही होती, त्यांचं काय व्हायचं ते सांगायला नको. २०१६ साली काही संशोधकांनी प्रसिद्ध लेखांना जोडलेल्या जनुकांच्या एक्सेल याद्या तपासल्या, तर पाचांतल्या साधारण एका लेखात ही घाण निघाली. शेवटी २०२०मध्ये नावं ठरवणाऱ्या समितीनं जनुकांचीच नावं बदलली. सेप्ट-१चं सेप्टिन-१ झालं, मार्च-१चं मार्चएफ-१. अण्णांच्या मते मानवजातीच्या इतिहासातली ही सगळ्यात लाजिरवाणी तडजोड आहे. “एक्सेल बदलता येईना, म्हणून माणसाची जनुकं बदलली!” ते म्हणतात. नावंच बदलली असं कुणी सुधारायला गेलं, तर त्याला ते हातानं गप्प करतात. छळाच्या फोल्डरमध्ये एका जुन्या साहेबांनी विंडोजवर उघडून पुन्हा जतन केलेली जनुकांची एक यादी आहे. तिच्यात सात तारखा आहेत. ती यादी अण्णा देवघरातल्या मूर्तीइतकी सांभाळतात.

घरीही हीच नजर चालू असते. त्यांच्या सोसायटीत देखभाल खर्चाच्या पावत्यांसाठी नवं सॉफ्टवेअर आणलं. सेक्रेटरींनी सभेत ते मोठ्या कौतुकानं दाखवलं आणि कुणी वापरून बघतंय का असं विचारलं. अण्णा उठले. सदनिका क्रमांकात त्यांनी शून्य टाकलं, रकमेत शून्य टाकलं. छापून पावती आली: ‘सदनिका ० यांचेकडून रु. ० मिळाले. आभारी आहोत.’ ती पावती ते खिशात घालून घेऊन आले आणि आम्हाला सगळ्यांना दाखवली. सेक्रेटरी अजून त्यांच्याशी बोलत नाहीत.

आता इतक्या टूल्सची पारख करणारा माणूस स्वतःच्या कामाला काय वापरत असेल? मी एकदा विचारलं. अण्णांनी जरा इकडेतिकडे पाहिलं. त्यांच्याकडे सॅम आणि बॅम फाईली हाताळणाऱ्या सॅमटूल्सची ०.१.१९ ही आवृत्ती आहे, २०१३ सालची. पुढच्या आवृत्त्यांत फाईल क्रमानं लावायची आज्ञा बदलली, म्हणून ते तिथेच थांबले. “नव्या गोष्टींचा काय भरवसा?” असं म्हणून ते नव्या गोष्टीची रिकामी फाईल शोधायला लागले.

सातव्या जागेवरून भांडलेल्या त्या मुलीच्या टूलची १.० आवृत्ती परवा आली. बाणेरला छोटा कार्यक्रम होता. बाकरवडी, कॉफी, पडद्यावर आभारांची यादी. अण्णा तिसऱ्या रांगेत. यादी सरकत गेली आणि तिच्यात अण्णांचं नाव दोनदा आलं. लोकांनी दोनदा टाळ्या वाजवल्या. अण्णांनी चष्मा काढला.

कार्यक्रम संपायच्या आत ते तिच्या टेबलाशी होते. “माझं नाव दोनदा कसं आलं? यादी कशी बनवलीस?”

“आपल्याच टूलनं, सर. नमुन्यांच्या नावांतले डुप्लिकेट काढतो, तोच कोड वापरला.”

“एका नावाच्या शेवटी मोकळी जागा असणार. दिसत नाही, पण आहे. म्हणजे उद्या एकाच रुग्णाचे दोन रुग्ण होणार.”

तिनं पाहिलं. होती. तिथेच लॅपटॉप उघडला, मुलं जमली, कॉफी गार झाली, आणि लोक पार्किंगमध्ये गाड्या काढत होते तेवढ्यात १.०.१ तयार झाली. यादी पुन्हा चालवली. तिच्यात अण्णांचं नाव कुठेच नव्हतं. डुप्लिकेट काढताना दोन्ही काढली गेली होती. १.०.२चं काम सोमवारी सुरू झालं.